पिवळ्याच्या डावीकडचं झाड

प्रिय शहाणे,

पत्र बघून घाबरू नकोस, सगळे जिवंत आहेत. तुझे बाबा धडधाकट आहेत. आत्ता शेजारी बसून चहात बिस्किट बुडवतायत आणि ते तुटून तळाला गेलं की चमच्याने शोधमोहीम काढतायत. फोन केला असता. पण फोनवर मी ओरडते आणि तू 'बरं' म्हणून ठेवून देतेस. मागच्या खेपेला बॅग उचलून गेलीस तेव्हापासून तुझे फोन बाबांना येतात आणि मला येतात ते निरोप, तेही 'आईला सांगा गुडघा शेकत जा' असले. म्हणून कागद घेतला. कागदावर ओरडता येत नाही, एवढं एक बरं आहे. शुद्धलेखनाच्या चुका काढत बसू नकोस. मी सातवीत शाळा सोडली आणि जन्मभर लोकांना बाण मारायला शिकवलं, निबंध लिहायला नाही.

सांगायचंय ते वेल्डरबद्दल. थोडं तुझ्या डोळ्यांदेखत झालं, बाकीचं तू गेल्यावर. म्हणून सगळं पहिल्यापासून सांगते, नाहीतर अर्धं वाचून निष्कर्ष काढून मोकळी होशील. त्या बाबतीत आईवर गेलीयस.

वेल्डरसारखा खांदा माझ्या मैदानावर दुसरा आला नाही, हे मी तिच्या तोंडावर कधी म्हटलं नाही पण तुला सांगते. दिवसभर त्या कारखान्यात गेटं आणि जिन्याचे कठडे जोडते, काळ्या काचेमागून त्या एका ठिणगीकडे बघत. सकाळी उजाडता उजाडता माझ्याकडे येते, हाताला अजून लोखंडाचा वास. धनुष्य उचललं की हलत नाही. पाखरू येऊन बसेल दांडा समजून. आणि अशा मुलीला गेल्या वर्षी चोरबोट लागलं. तू लहानपणापासून हा शब्द ऐकत आलीस, तुला नव्याने काय सांगू. दोरी पूर्ण ताणली की धनुष्यावरची ती पत्र्याची पट्टी टिक्‌ करते, आणि टिक्‌ झाल्यावरच बाण सोडायचा. चोरबोट लागलं की टार्गेटच्या मधलं पिवळं दिसताक्षणी बोटं आपल्याआपणच सुटतात, टिक्‌ व्हायच्या आधी. माणूस म्हणतो थांब, बोट म्हणतं गेलो. किती चांगले लोक त्यापायी खेळ सोडून गेलेत. यंदाची निवड ही वेल्डरची शेवटची. मी नाही, तिनेच ठरवलं होतं. संघात जागा मिळाली तर पुढे, नाहीतर धनुष्य कुणालातरी देऊन टाकायचं आणि गेटं जोडत बसायचं. ती बोलते कमी, त्यामुळे बोलली की तसंच करते.

मी काय नाही केलं. डोळे मिटून मारायला लावलं. टार्गेट अगदी नाकासमोर आणून मारायला लावलं. कोरा कागद लावला. ओरडून बघितलं, ते तर मी नेहमीच बघते. आणि शेवटी माझा पत्र्यांवरचा विश्वास आणखी वाढवला. मैदानाच्या दोन्ही बाजूंना मी पूर्वीच उंच पत्रे ठोकलेत आणि आतून पांढरे रंगवलेत. मागे बाण अडवायला मातीचा बांध आहेच, हे बाजूचे पत्रे सुरक्षेचे नाहीत, माझ्या तत्त्वाचे आहेत. मोकळं आभाळ नको, झाडं नकोत, रस्त्यावरची माणसं नकोत. समोर एक पिवळा ठिपका आणि बाकी जग पांढरं. नजर स्वच्छ तर डोकं स्वच्छ, असं मी सगळ्यांना शिकवत आले. वेल्डरला चोरबोट लागलं तेव्हा मी त्या पत्र्यांना आणखी एक हात पांढरा दिला.

मग तू आलीस सुट्टीला, तो तुझा वायरी लावलेला, डोळे कुठेकुठे फिरतात ते टिपणारा चष्मा घेऊन. वेल्डरने तो घातला कारण तिला चष्मे घालायची सवय आहे. आणि संध्याकाळी तू कॉम्प्युटरवर आम्हाला दाखवलंस की तिचे डोळे दोन बाणांच्या मधल्या वेळातसुद्धा पिवळ्यावरून हलत नाहीत. पाणी पितानासुद्धा तिथेच. म्हणालीस, आई, त्यांना दुसरीकडे जायला जागाच नाही. पांढऱ्यावर काही धरायला मिळत नाही, म्हणून परत पिवळ्यावर. दिवसभर ठिणगी, सकाळी पिवळा, डोळा कधी भटकतच नाही. मग तू झाडांवर आलीस. झाडाची फांदी तोडून हातात धरली तर ती एक लहान झाडच दिसते, तिची डहाळी आणखी लहान झाड, पानातल्या शिरा म्हणजे परत झाड. ढग तसे, नदीचे फाटे तसे. त्याला तुमच्यात फ्रॅक्टल म्हणतात, आणि हा शब्द अजून माझ्या दातात अडकतो. असल्या आकारांवरून डोळा मोठ्यावरून लहानावर, लहानावरून बारक्यावर घसरत जातो आणि त्याला कष्ट पडत नाहीत, म्हणालीस. अशा ठिकाणी चालणारी, पळणारी, सायकल मारणारी माणसं उशिरा थकतात का, त्यांचं चित्त परत लवकर जाग्यावर येतं का, तेच तू मोजतेस. आणि मग म्हणालीस, ओढ्याकडच्या बाजूचे पत्रे काढून बघू या.

मी विचारलं, नक्की फरक पडेल का. तर तू म्हणालीस, नक्की नाही, पुरावा अजून कच्चा आहे, सगळ्यांना लागू पडेलच असं नाही. आता नक्की नाही तर माझे पत्रे का काढायचे? मी सगळ्या पोरापोरींसमोर म्हणाले की लोक बाण मारायला शिकतात आणि आमची कन्या झाडाकडे बघण्यात डॉक्टर झाली. सगळे हसले. वेल्डर हसली नव्हती, हे मला नंतर आठवलं. तू हसलीस, तोंडाने. आणि त्याच संध्याकाळी बॅग भरलीस. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, हे तुला बाबा म्हणतात की मला, ते आजवर मला कळलं नाही.

तू गेल्यावर वेल्डरचं आणखी बिघडलं. दहाबारा बाणांत एखादा टिक्‌ वाजायचा. एका सकाळी तिने धनुष्य उचललं, ताणलं, बोट चोरलं, आणि बाण पलीकडच्या बांधात गेला. ती बांधाकडे बघत राहिली. मिठात टाकायला लोणचं काढावं तशी... राहू दे, उपमा मला जमत नाहीत. तिने धनुष्य गवतावर आडवं ठेवलं आणि पुसायला लागली. अगदी नीट, कुणाला द्यायची वस्तू पुसतात तसं.

पण म्हणून लगेच पत्रे काढीन ती मी कसली. मी विचार केला, झाडच पाहिजे ना, मग पत्र्यावरच काढू. पत्रेही राहिले, झाडही आलं, सापही मेला आणि काठीही शाबूत. दुकानांच्या पाट्या रंगवणारा तो आपला ओळखीचा आहेच. त्याला बोलावलं, म्हटलं, ह्या डावीकडच्या पत्र्यांवर एक झाड काढ. त्याने काढलं. पट्टी लावून खोड, उजवीकडे चार फांद्या, डावीकडे चार फांद्या, प्रत्येकीवर शर्टाच्या बटणासारखी पानं. दात घासायचा ब्रश उभा केल्यासारखं. आणि खाली स्वतःची जाहिरात: सर्व प्रकारच्या पाट्या रंगवून मिळतील. वेल्डर दोन दिवस ते बघत होती. मग म्हणाली की डोळा वर जातो, खाली येतो, संपतं, आणि मग ती बाण लावायच्या आधी जाहिरात वाचते. टिक्‌ वाजायचं ते वाजलं नाहीच.

मी पाटीवाल्याला परत बोलावलं. म्हटलं, कंजूषपणा केलास, भरपूर काढ. ते त्याने मनावर घेतलं. आठवडाभर शिडी लावून होता. फांदीवर फांदी, फांदीतून फांदी, वेली, पारंब्या, मधे दोन पोपट. शेवटी एवढं गुंतलं की मोरीच्या जाळीत अडकलेले केस बरे. वेल्डर म्हणाली डोकं भणभणतंय. बाकीची पोरं पोपट शोधत बसली. तुझे बाबा येऊन उभे राहिले, मान एका बाजूला करून बराच वेळ बघितलं आणि म्हणाले, अति तिथं माती. मग मला आठवलं की हे तू बोलली होतीस. अगदी साधं नको, अगदी गुंतलेलं नको, मधलं, जसं जगात असतं तसं. तेव्हा मी कपबशा जोरात ठेवत होते म्हणून नीट ऐकू आलं नव्हतं.

मग मात्र मी वेळ घालवला नाही. सकाळी बाबांना उठवलं, शिडी धरायला लावली आणि पाना चालवला. बोल्ट गंजून एकजीव झालेले. मी ज्या वेळी शिव्या देत होते त्या वेळी वेल्डर आली. काही न विचारता परत गेली, कारखान्यातून कापायचं मशीन घेऊन आली, तो तिचा चष्मा डोळ्यावर ओढला आणि एकेक बोल्ट कापून काढला. ठिणग्या सगळ्या बाबांच्या लुंगीवर. ते म्हणाले, आमच्या सरकारचा निर्णय झाला की आधी जळतो तो आम्ही. पोपटांसकट पत्रा खाली आला आणि पलीकडे ओढा दिसला, आणि ओढ्याकाठचं ते झाड.

ते झाड मी आधी पाहिलेलं असणारच. पत्रे ठोकले तेव्हा ते तिथेच होतं. पण आठवेना. कुठलं झाड ते मला विचारू नकोस, मला नावं येत नाहीत. पानं सगळी झडलेली. एका खोडाच्या दोन फांद्या, दोनांच्या पुढे किती, पण सारख्या नाहीत, एक जाड तर एक बारीक, एक वाकडी तर दुसरी तिच्यावरून गेलेली, आणि शेवटी आभाळात धुरासारख्या काड्या. कुठलाही कोपरा घे, तिथं परत अख्खं झाड उभं. मी नुसतं बघायला म्हणून बघितलं आणि बघतच राहिले. चहा गार झाला. मला गार चहा चालत नाही, तो मी प्यायले आणि प्यायल्यावर मला कळलं की गार होता.

आता तू म्हणशील, झालं, जिंकलो. नाही. आधी मी शेण खाल्लं. झाड मिळालं म्हणजे त्याचा उपयोग शिस्तीत झाला पाहिजे, असं मला वाटलं. मी शिट्टी घेऊन मागे उभी राहिले. एक शिट्टी, झाडाकडे बघायचं. दोन शिट्ट्या, पिवळ्याकडे यायचं. वेल्डर बिचारी शिट्टीबरहुकूम मान फिरवायची, डावीकडे, समोर, डावीकडे, समोर, जशी काही रस्ता ओलांडतेय. खांदे कानाला लागलेले. टिक्‌ चुकून एखादा. मी म्हटलं नीट बघ. ती म्हणाली बघतेय. मी म्हटलं खोडापासून सुरू कर, वरून खाली नको. तिसऱ्या दिवशी तुझे बाबा पाण्याची झारी घेऊन जाता जाता थांबले. म्हणाले, अगं, तू तिला विश्रांती देतेयस की तिच्याकडून विश्रांतीची कवायत करून घेतेयस? आणि झारी घेऊन गेले पुढे. हा माणूस वर्षातून दोन वाक्यं बोलतो आणि दोन्ही नेमकी मला लागतात.

शिट्टी खिशात टाकली. बादली पालथी घातली, तिच्यावर बसले आणि जुन्या बाणांना पिसं चिकटवायला घेतली, म्हणजे हाताला काम आणि तोंडाला कुलूप. मूग गिळून बसणं म्हणजे काय ते मला या वयात समजलं. फार फुगतात ते. पहिले एकदोन दिवस वेल्डर सारखी मागे वळून बघायची, बाईंना काही होतंय का म्हणून. मग विसरली. बाण मारायचा, धनुष्य खाली घ्यायचं, आणि तिचे डोळे आपोआप डावीकडे जायचे. कुणी सांगायला नको. खोडावरून फांदीला, फांदीवरून काडीला, कुठेतरी हरवायचे, तिकडून परत यायचे. तेवढ्यात खांदे खाली यायचे. तुझा चष्मा नव्हता माझ्याकडे, पण खांदे मला वाचता येतात. मग धनुष्य वर, दोरी मागे, आणि टिक्‌. मी खाली मान घालून पिसं चिकटवत होते. परत टिक्‌. पीस उलटं चिकटवलं मी, पण मान वर केली नाही. त्या सकाळी बोटाने चोरी केली नाही असं नाही, केली, पण दोनतीनदा. पुढच्या आठवड्यात त्याहून कमी.

म्हणजे तुझंच खरं निघालं. घे, लिहून दिलं. आता हे चौकटीत लाव. आणि तुझ्या त्या अहवालात लिही की एकाच बाईवर झालंय, त्यामुळे पुरावा कच्चाच आहे. ते मी विसरलेले नाही. खोटं बोलत नाहीस, हे मला तेव्हाही आवडलं होतं, फक्त तेव्हा मी चिडलेली होते.

निवडीची पहिली फेरी गेल्या रविवारी झाली. आम्ही दोघी बसने गेलो. मैदान नवं कोरं. तिन्ही बाजूंना सिमेंटच्या पायऱ्या, एकावर एक, फुटपट्टीने आखल्यासारख्या. मागे काचेची इमारत. वर आभाळ, त्यात ढगाचा एक तुकडा नाही, नुसती पांढरी चमक. झाड तर सोड, गवताची काडी नाही. माझेच पत्रे कुणीतरी मोठे करून उभे केलेत असं वाटलं. वेल्डरनेही बघितलं आणि माझ्याकडे बघितलं. दोघींनाही समजलं. मी म्हणणार होते काहीतरी. दातांत ओठ धरला.

पहिल्याच बाणाला बोटाने चोरी केली. दुसऱ्या बाणाला परत. ती धनुष्य खाली घ्यायची, डोळे डावीकडे जायचे आणि पायऱ्यांवर आपटून परत पिवळ्यावर. मला मागून दिसत होतं. माझ्या घशापर्यंत आलं होतं, पाठ सैल सोड, श्वास सोड, कुठेही बघ पण तिथे बघू नकोस. बाजूच्या मुलीचा कोच सूचनांचा रतीब घालत होता, आणि मी इकडे तोंड दाबून बुक्क्यांचा मार खातेय. तिसरा बाण पिवळ्यापासून लांब, पार काळ्यात लागला. निवड करणारे लोक मान हलवायला लागले. मला दिसलं की तिने धनुष्य खाली घेतलं आणि मानही खाली घातली. मनात म्हटलं, संपलं. सोडलं हिने.

पण ती मान वर काढेना. घड्याळ चाललंय, बाकीच्यांचे बाण सुटतायत, आणि ही आपली पायापुढे बघत उभी. मग खांदे खाली आले. मी पाहिले ते, खाली आले. धनुष्य वर गेलं, दोरी मागे, आणि एवढ्या गोंगाटात मला तो टिक्‌ ऐकू आला. पिवळा. पुढच्या बाणालाही तेच. खाली बघायची, हरवायची, परत यायची, मारायची. दिवसभर. दुपारनंतर एकदाच बोट चोरलं तेवढं. संध्याकाळी फलकावर नावं लागली तेव्हा ती पुढच्या फेरीत होती. शेवटच्या काहींमध्ये, पण होती.

सामान भरताना तिने मला हाताने बोलावलं आणि ती जिथे उभी होती तिथे रबरी चटईपुढची जमीन दाखवली. तिथं कधीतरी पाणी साचून वाळलं होतं आणि चिखल तडकला होता. मोठी भेग, तिला फुटलेली लहान भेग, तिला केसाएवढी. वेल्डर म्हणाली, "बाई, चिखलात पण झाड आहे."

मी कमरेत वाकून बघितलं. होतं. पाटीवाल्याला आठवडाभर शिडीवर चढून जमलं नाही ते तिथं नुसतं पडलं होतं.

परतीच्या बसमध्ये ती खिडकीशी बसली, मी कडेला. मी खूश होते आणि खूश असले की मी बोलते, तुला माहीत आहे. शेवटच्या फेरीचं सगळं आखून टाकलं, कुठे उतरायचं, काय खायचं, मी कुठल्या बाजूला उभी राहीन. ती ऐकत होती. मग म्हणाली की पुढच्या वेळी मागे ताई उभ्या राहिल्या तर चालेल का. कोण ताई, असं मी विचारलं, वेळ काढायला. म्हणाली, तुमच्या. मी म्हटलं, अगं, आज तर मी एक शब्द बोलले नाही. तोंडातून आवाज काढला असेल तर सांग. तर ती माझ्याकडे वळली आणि एवढ्या वर्षांत पहिल्यांदा हसून म्हणाली, "बाई, तुमचं गप्प बसणंपण मला ऐकू येतं."

मी पुढच्या सीटची पाठ बघत बसले. वाईट वाटलं का म्हणशील तर वाटलं, दोनेक थांबे जाईपर्यंत. मग हसू आलं. खरं आहे ते. मी गप्प असले तरी माझी हनुवटी ओरडते, असं तुझी आजी म्हणायची. मी हातोडा आहे. खांदा घडवायला हातोडाच लागतो, वेल्डरचा खांदा मीच घडवलाय आणि त्याबद्दल मला काडीची शंका नाही. पण काच पुसायला हातोडा नेत नाहीत. घरी येऊन बाबांना सांगितलं तर ते इतके हसले की बिस्किट बुडालेलं त्यांना कळलंच नाही.

तर हे पत्र त्यासाठी आहे. शेवटची फेरी तुझ्याच शहरात आहे, पुढल्या महिन्याच्या पहिल्या रविवारी. रेषेमागे प्रत्येक खेळाडूबरोबर एक माणूस लागतो, त्याचं नाव आधी कळवावं लागतं, आणि वेल्डरने तुझं नाव मागितलंय. तुला सगळं येतं, शाळा संपेपर्यंत तू त्या रेषेवरच वाढलीस. जास्तीची दोरी जवळ ठेव. पट्टीचा स्क्रू ढिला होतो, सकाळी एकदा बघ. सकाळी ती काही खात नाही, खायचा आग्रह करू नकोस. मैदानात झाड असेल नसेल, आधी जाऊन बघून येऊ नकोस आणि बघितलंस तरी तिला सांगू नकोस, ती तिचं शोधेल. तुझा चष्मा हवा तर आण, मी तिला विचारलंय, ती म्हणाली शेवटचा बाण झाल्यावर ताई म्हणतील ते घालीन. बाकी नुसती उभी राहा. तुला नुसतं उभं राहता येतं, तुझ्या बाबांकडून आलंय ते. मी येणार नाही. तिने तसं म्हटलं नाही, मीच ठरवलंय, आणि यावर चर्चा नको. तिची जागा जाईल किंवा राहील, ते तिचं बोट बघेल. तू फक्त हो किंवा नाही ते कळव, आणि या वेळी निरोप बाबांकडे देऊ नकोस, मला सांग. नाही म्हणालीस तर मला दुसरं कुणी शोधावं लागेल, आणि तिला दुसरं कुणी नकोय. मलाही.

तुझीच, त्या रविवारी घरी थांबणारी,
आई